क्वांटम जंप, लीला राणी आणि एव्हरेटचा फोटो

एका ग्लासावर चिठ्ठी चिकटवायची: ‘आत्ताची मी’. दुसऱ्यावर: ‘मला हवी असलेली मी’. पहिल्यातलं पाणी दुसऱ्यात ओतायचं, डोळे मिटून प्यायचं, की झालात दुसऱ्या विश्वात दाखल. तिथे पगार जास्त, सासू प्रेमळ आणि गुडघे ठणठणीत. याला म्हणे ‘क्वांटम जंप’ म्हणतात. तो शिकवणाऱ्या मराठी कार्यशाळांची निमंत्रणं आता सुप्रभातच्या फुलांच्या जोडीने व्हॉट्सॲपवर येतात.

त्यामागचं तत्त्वज्ञान थोडक्यात असं: अनंत विश्वं आहेत, प्रत्येकात आपली एकेक प्रत आहे, आणि चेतनेची वारंवारता बदलली की हव्या त्या प्रतीत शिरता येतं. कल्पना म्हणून मला यात काही वावगं वाटत नाही. घरबसल्या कुणीही दर्शन रचावं, आपल्याकडे त्याला कुणाची परवानगी लागत नाही. राग येतो तो पुढच्या वाक्याचा. ‘हे क्वांटम फिजिक्सने सिद्ध झालंय आणि आपल्या ऋषींना आधीच ठाऊक होतं.’ साक्षीला दोघांना बोलावलंय खरं, पण दोघांची साक्ष नेमकी उलटी आहे.

आधी फिजिक्स. अनेक विश्वांची कल्पना अमेरिकी भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेटची, 1957 च्या प्रिन्स्टनमधल्या पीएच.डी. प्रबंधातली. त्याची अडचण काय होती? मोजमाप केलं की कणाच्या अनेक शक्यतांतून अचानक एकच उरते, असं पुस्तकात लिहिलेलं असे. पण हे ‘अचानक’ क्वांटमच्या मूळ समीकरणात, म्हणजे कणाच्या शक्यता काळाबरोबर कशा बदलतात ते सांगणाऱ्या श्रोडिंजरच्या समीकरणात, कुठेच नाही. एव्हरेट म्हणाला, मग ते काढूनच टाका. तेच समीकरण सगळ्यांना लागू करा, मोजणाऱ्यालासुद्धा. सगळ्या शक्यता राहतात आणि मोजणाराही त्यांच्याबरोबर फुटतो. म्हणजे बघणाऱ्याला दिलेला खास मान काढून घेण्यासाठीच हा सगळा खटाटोप होता. (बघणाऱ्याच्या चेतनेला तो मान उघडपणे देणारा मोठा माणूस भौतिकशास्त्रज्ञ विग्नर, तोही नंतर, 1961 मध्ये. पुढे त्यानेही ते मत सोडलं.)

आणि उडी? समीकरण रेषीय आहे, म्हणजे प्रत्येक शक्यता आपापली पुढे सरकते आणि त्यांची नुसती बेरीज होते, त्यामुळे एक शाखा दुसरीला ढकलू शकत नाही. हवेचे रेणू, प्रकाश, भिंती, सगळ्यांशी गुंतत गेलं की शाखा इतक्या वेगळ्या होतात की त्यांची पुन्हा गाठ पडणं व्यवहारात अशक्य. कुठल्या शाखेला किती वजन, हेही समीकरणच ठरवतं. तुमच्या इच्छेला त्यात रकानाच नाही. एव्हरेट बरोबर होता की नाही यावर भौतिकशास्त्रज्ञ आजही भांडतात. पण तो बरोबर असला, तरी उडी मारता येत नाही.

आता ऋषी. योगवासिष्ठातली, म्हणजे वसिष्ठाने रामाला केलेल्या उपदेशाच्या ग्रंथातली, लीलेची गोष्ट या मंडळींनी एकदा नीट वाचावी. मला ती या सगळ्या कार्यशाळांपेक्षा शंभरपट धीट वाटते. पद्म राजा, त्याची राणी लीला. नवरा मेला तर त्याचा जीव या महालाबाहेर जाऊ नये, असा वर ती सरस्वतीकडे आधीच मागून ठेवते. राजा मरतो. फुलांनी झाकलेलं प्रेत महालात, आणि समाधीत लीलेला दिसतं की नवरा त्याच जागेत दुसऱ्याच एका जगात राज्य करतोय! मग देवी आणखी मागे नेते. डोंगरातल्या खेड्यात वसिष्ठ नावाचा ब्राह्मण (हा गोष्ट सांगणारा वसिष्ठ नव्हे) राजाची मिरवणूक बघतो, त्याला राजा व्हावंसं वाटतं, आणि तो मरतो. पद्माचं अख्खं राज्य त्या ब्राह्मणाच्या घरातल्या आकाशातच घडलं, आणि ब्राह्मणाला जाऊन झालेत आठ दिवस. लीलेचा सगळा संसार त्या आठ दिवसांत! पुढच्या जगात नवऱ्याशेजारी आणखी एक लीला बसलेली असते, ते वेगळंच.

यात ‘हवं ते प्रकट करणं’ कुठे आहे बघा. ब्राह्मणाने इच्छा केली आणि राज्य मिळालं. कार्यशाळावाले टाळ्या वाजवतील. पण वसिष्ठ हे रामाला सांगतो ते त्याला जास्त राज्यं मिळावीत म्हणून नाही. वासना असं जगामागून जग उभं करत जाते आणि जीव त्यात अडकत जातो, हे दाखवायला सांगतो. तिथे जो रोग आहे, तो इथे फी घेऊन लावून देतात.

आणि ज्ञानदेव? अमृतानुभवात त्यांनी अख्खं एक प्रकरण अज्ञानाच्या खंडनाला दिलंय. हे दिसतं ते चैतन्याचाच विलास आहे म्हणतात. पळून जायला दुसरं विश्व लागतच नाही. त्याच ग्रंथात ते सांगतात की शिवाने किंवा श्रीकृष्णाने म्हटलं म्हणून मी हे मानतो असं नाही, त्यांनी म्हटलं नसतं तरी हे असंच आहे. शिवाच्या नावाचा टेकूसुद्धा नको म्हणणारा हा माणूस! आणि आम्हाला आमच्या ध्यानासाठी क्वांटमचा शिक्का लागतो. श्रोडिंजरलाही वेदान्ताचं वेड होतं, पण 1944 च्या आपल्या पुस्तकात त्याने ते शेवटी वेगळं मांडलं, हे माझं व्यक्तिगत मत आहे असं बजावून. हा सभ्यपणा मला फार आवडतो.

कुणी म्हणेल, आनंद मिळतो ना, मग तुमचं काय जातं? ओळखीतल्या एका आजारी बाईंना अशाच एका वर्गात सांगितलं गेलं की ‘तुम्ही अजून आजाराच्या विश्वाला चिकटून आहात’. केमो घ्यायची, उलट्या सोसायच्या, आणि वर हा आजार आपणच निवडलाय हा अपराधही वाहायचा. सगळं आपल्या चेतनेने ठरतं असं एकदा म्हटलं की दुखणाऱ्या माणसावरच आरोपपत्र ठेवावं लागतं, त्या तत्त्वज्ञानाला दुसरी वाट नाही. म्हणून माझं जातं.

परवाच्या निमंत्रणावर कमळ, आकाशगंगा आणि मधोमध एव्हरेटचा फोटो होता. आयोजकांना एवढीच विनंती आहे की तो फोटो काढून टाका. एव्हरेट पक्का नास्तिक होता, नोकरी पेंटागॉनसाठी अणुयुद्धाचे हिशेब करण्याची केली, आणि मेल्यावर माझी राख कचऱ्यात टाका असं घरी सांगून ठेवलं होतं. 1982 मध्ये तो गेला, आणि पुढे बायकोने ती खरंच टाकली. त्या माणसाला आत्म्याच्या प्रवासाच्या जाहिरातीत उभं करणं जरा जास्तच होतंय.