गुलाबी पेपर नेमका कोणासाठी?

गुलाबी पेपर म्हणजे आर्थिक दैनिकं. त्यातल्या इकॉनॉमिक टाइम्सचा (इटी) पहिला अंक मुंबईत निघाला 6 मार्च 1961 ला, आणि त्याच वर्षी गोएंकांच्या एक्सप्रेस ग्रुपनं फायनान्शियल एक्सप्रेस (एफई) सुरू केला. एका वर्षात दोन आर्थिक दैनिकं! तेही अशा काळात, जेव्हा मध्यमवर्गीय घरात शेअरचं नाव काढलं की मोठी माणसं सट्टा म्हणून तोंड फिरवायची. पण वेळ बघा. तिसरी पंचवार्षिक योजना एप्रिल 1961 पासून सुरू होणार होती, कारखाना काढायचा तर लायसन्स लागणार, मशीन आणायचं तर परकीय चलनाची परवानगी लागणार, भांडवल उभं करायचं तर दिल्लीतल्या कंट्रोलरचा होकार लागणार. म्हणजे सरकारी कागदावर काय छापून आलं यावर कोणाचा धंदा चालणार आणि कोणाचा बसणार हे ठरायचं, आणि ते रोजच्या रोज कळणं ही व्यापाऱ्याची गरज होती. इटीचे पहिले संपादक पी. एस. हरिहरन, त्यांच्यानंतर बरीच वर्षं डी. के. रांगणेकर. रांगणेकर हे नाव आज आपल्यापैकी किती जणांना माहीत आहे मला शंका आहे, आणि हे मला खरंच खटकतं.

आता मुद्द्यावर येतो. माझं मत असं की या पेपरांची खरी ताकद अग्रलेखात नव्हती, मुलाखतीत तर नव्हतीच, ती होती आतल्या पानांवरच्या बारीक अक्षरातल्या कोष्टकांत. बाबा गिरणीच्या हिशेब खात्यात होते, साहेबांचा वाचून झालेला इटी संध्याकाळी घरी आणायचे. कंपनीचं नाव, कंसात आदल्या दिवशीचा बंद भाव, पुढे त्या दिवशी झालेल्या सौद्यांचे भाव ओळीनं, आणि मध्येच कुठे तरी एक्स-डिव्हिडंडची खूण, म्हणजे आता शेअर घेतला तर जाहीर झालेला लाभांश मिळणार नाही. बाबा पेन्सिलीनं फक्त चार-पाच नावांखाली रेघ मारायचे. ब्रोकरनं सांगितलेला भाव आणि छापलेला भाव जुळतो का हे बघायला त्या वेळी साध्या माणसाकडे दुसरं साधनच नव्हतं, स्क्रीन नाही, अ‍ॅप नाही, सेन्सेक्स सुद्धा 1986 मध्ये आला, तोवर बाजार वर गेला की खाली हे सांगायला पेपरांचे स्वतःचे निर्देशांक होते. दलाल स्ट्रीटवर पाऊल न ठेवलेल्या माणसाच्या हातात त्या कोष्टकानं पुरावा दिला. यापेक्षा मोठं काम कुठल्या पेपरनं केलं असेल असं मला वाटत नाही.

आणि हा साधा माणूस वाचक झाला कधी, तर सत्तरच्या दशकाच्या शेवटी. 1973 च्या फेरा या परकीय चलनाच्या कायद्यामुळे बऱ्याच परदेशी कंपन्यांना आपला हिस्सा 40 टक्क्यांपर्यंत खाली आणावा लागला, कोलगेटसारख्या कंपन्यांचे शेअर सामान्य लोकांना मिळाले, 1977 मध्ये रिलायन्सचा इश्यू, म्हणजे लोकांसाठी शेअरविक्री, आला. फोर्टात फुटपाथवर ब्रोकरचे शिक्के मारलेले अर्ज मिळायचे आणि लोक गठ्ठ्यानं घेऊन जायचे. मग अलॉटमेंट, म्हणजे अर्जावर शेअर, कोणाला किती याची जाहिरात पेपरात, ती शोधायची. वाचक वाढले आणि त्याच्या कितीतरी पट जाहिराती वाढल्या. इथेच मला वाटतं गाडी वळली. ज्या कंपनीचा ताळेबंद तपासायचा तीच पानभर जाहिरात देणारी गिऱ्हाईक झाली.

म्हणून एक गोष्ट नीट बघा. 1986 मध्ये रिलायन्सवरची गाजलेली लेखमाला आली इंडियन एक्सप्रेसमध्ये. 1991 मध्ये देशाचं सोनं बाहेर गहाण गेल्याची बातमी शंकर अय्यर यांनी फोडली, तीही इंडियन एक्सप्रेसमध्येच. 23 एप्रिल 1992 ला सुचेता दलाल यांनी स्टेट बँकेतला घोटाळा उघड केला, पुढे हर्षद मेहता प्रकरण म्हणून सगळ्या देशाला माहीत झाला तोच, ती बातमी टाइम्स ऑफ इंडियात. तिन्ही वेळा सर्वसाधारण दैनिकं! आणि सत्यम ही हैदराबादची कॉम्प्युटर कंपनी? 7 जानेवारी 2009 ला तिचे अध्यक्ष रामलिंग राजूंनी स्वतः पत्र लिहून कबूल केलं तेव्हा कळलं की ताळेबंदातली रोकड बहुतांशी खोटीच होती. तोपर्यंत देशात इटी, एफई, 1975 पासूनचं बिझनेस स्टँडर्ड, 1994 चं बिझनेस लाइन, 2007 चं मिंट अशी पाच इंग्रजी आर्थिक दैनिकं रोज निघत होती. त्यांच्या बातमीदारांना मी दोष देत नाही, ऑडिटरलाच सापडलं नाही ते त्यांना कसं सापडणार असं कोणी म्हणेल आणि ते अर्धं खरं आहे. पण उरलेलं अर्धं असं की ज्याच्या हातात रोज आकडे असतात त्यानंच आकड्यांवर संशय घ्यायचा असतो, त्यासाठी तर आपण त्याला पैसे देतो.

त्यात 2005 पासून टाइम्स ग्रुपनं प्रायव्हेट ट्रीटीज सुरू केल्या, म्हणजे कंपनीनं जाहिरातीचे पैसे रोख न देता शेअर द्यायचे. दुसऱ्या माध्यमांनीही पुढे असे करार केले. म्हणजे बातमी देणारा त्याच कंपनीचा भागीदार, आणि वाचकाला याचा पत्ता नाही. शेवटी ऑगस्ट 2010 मध्ये शेअर बाजारावर लक्ष ठेवणाऱ्या सेबीला सांगावं लागलं की अशा कंपनीबद्दल छापाल तेव्हा आपला हिस्सा जाहीर करा. माझ्या दृष्टीनं या सगळ्या इतिहासातलं सगळ्यात वाईट पान हे आहे, कारण बाबांसारखा माणूस छापील आकड्यावर डोळे मिटून विश्वास ठेवायचा आणि तो विश्वास कमवायला पेपरला काही दशकं लागली होती.

आता आपल्याकडे येऊ. नोंदणी झालेल्या गुंतवणूकदारांत महाराष्ट्र देशात पहिला आहे, शेअर बाजार मुंबईत, रिझर्व्ह बँक मुंबईत, सेबी मुंबईत. गुजरातीत जन्मभूमी ग्रुपचं 'व्यापार' आहे, इटीची गुजराती आणि हिंदी आवृत्ती निघाली. मराठीत लोकसत्ताचा सोमवारचा अर्थवृत्तान्त आहे, पुण्याचं व्यापारी मित्र मासिक 1951 पासून आहे, दोघांबद्दल मनापासून आदर आहे, पण रोजचं, नाव घ्यावं असं टिकलेलं मराठी आर्थिक दैनिक नाही. मराठी पेपरात आर्थिक मजकूर भरपूर दिसतो तो नोटिशींचा! बँकेनं घराचा ताबा घेतल्याची नोटीस, कंपनीच्या तिमाही निकालाची जाहिरात, हे स्थानिक भाषेत छापायचं कायद्यानंच सांगितलंय म्हणून छापलं जातं. कर्ज थकलं की मराठीत कळवतात, मग त्या बँकेचं स्वतःचं कर्जखातं कसं आहे ते मराठीत कोण सांगणार? सहकारी बँका बुडाल्या तेव्हा रांगेत उभे राहिलेले लोक कुठली भाषा बोलत होते ते आपण सगळ्यांनी टीव्हीवर पाहिलंय.

भावाचं कोष्टक आता कोणाला नको, ते फोनवर फुकट आहे, मान्य. मला रोज दोनच पानं चालतील. एका पानावर एका सहकारी बँकेचा किंवा पतसंस्थेचा ताळेबंद, एनपीए म्हणजे थकलेली कर्जं किती, संचालकांच्या नातेवाइकांना कर्ज किती, सलग पाच वर्षांचे आकडे शेजारी शेजारी. दुसऱ्या पानावर महाराष्ट्रातली एक लिस्टेड, म्हणजे शेअर बाजारात नोंदलेली, कंपनी, तिच्या ऑडिटरच्या शेऱ्यासकट, आणि खाली स्पष्ट लिहिलेलं की या कंपनीची जाहिरात आम्ही घेतो की नाही. असा पेपर कोणी काढत असेल तर वर्षाची वर्गणी आधी भरायला मी तयार आहे, आणि अकाउंट्सचं काम येतं म्हणून ताळेबंद वाचून द्यायलाही तयार आहे. इथे कोणी पत्रकार मित्र असतील तर बोला.