एक्सेल शीट सुबक कशी करायची, नीट ऐका

एक्सेल हिशोबासाठी असतं असं तुम्हाला कोणी सांगितलं असेल तर आधी ते डोक्यातून काढून टाका. एक्सेल म्हंजे आयता चौकटी आखलेला कागद, वर रंग फुकट, आणि शीट म्हंजे दारातली रांगोळी. रांगोळीची बेरीज करतं का कोणी?

तर सुरुवात मथळ्यापासून. सोसायटीचं नाव, रजिस्टर नंबर, पत्ता, सगळं एका सेलात टाका आणि ए पासून एम पर्यंत सिलेक्ट करून मर्ज अँड सेंटर दाबा. छान दिसतं ना? मग इथेच थांबायचं नाही. डावीकडे 'बी विंग' असं एकदाच लिहून खालचे चौदाच्या चौदा सेल मर्ज करा आणि अक्षरं आडवी झोपवा, म्हंजे वाचणाऱ्याच्या मानेला जरा व्यायाम. मर्ज केलेल्या सेलातला मजकूर खरा फक्त पहिल्या सेलात राहतो, बाकीचे तेरा आतून रिकामे, त्यामुळे उद्या कोणी बी विंगचा फिल्टर लावला की एकच फ्लॅट दिसतो. बरंच आहे की, बाकीच्या तेरा जणांना मेंटेनन्सची नोटीस जाणार नाही. सॉर्ट करायला गेलात तर एक्सेल म्हणतं सगळे मर्ज केलेले सेल एकाच मापाचे पाहिजेत, त्याला म्हणावं तू तुझं काम कर.

काही अतिशहाणे सांगतील की फॉरमॅट सेल्समध्ये अलाइनमेंटच्या आत 'सेंटर अक्रॉस सिलेक्शन' म्हणून एक प्रकार असतो, मथळा दिसायला अगदी तस्साच मधोमध येतो पण सेल मात्र सुटेच राहतात. असेल. पण त्याचं बटण वर ठेवलेलं नाही आणि मर्जचं ठेवलंय, यावरून कंपनीच्या मनात काय आहे ते कळलं ना?

आता मुख्य मुद्दा, एका सेलात दोन ओळी कशा लिहायच्या. ही विद्या मला आमच्या सोसायटीच्या हिशोब बघणाऱ्या काकांकडून मिळाली, प्रत्यक्ष बघून. काकांनी 'मागील वर्षाची' टाइप केलं, चष्मा कपाळावर सरकवला आणि स्पेसबारवर अंगठा ठेवून टक टक टक टक सुरू, मी मोजत होतो, चौदा स्पेस झाल्या तेव्हा 'थकबाकी' हा शब्द खालच्या ओळीत जाऊन बसला. काका खुर्चीत मागे टेकले. मी म्हटलं काका, ऑल्ट धरून एन्टर मारा ना, सेलातच नवी ओळ येते, तर काका म्हणाले, "अरे ते तुमच्या ऑफिसात चालत असेल, आमच्या इथे स्पेसच लागते." तीच फाइल रात्री माझ्या लॅपटॉपवर उघडली, मी कॉलम जरा रुंद केला आणि बिचारी थकबाकी ओळीच्या मधोमध लटकायला लागली, मागे चौदा स्पेसची मोकळी जागा, जणू तिकडे कोणी पाहुणा बसणार होता. पण चूक कोणाची? माझी. कॉलमला हात लावायला सांगितलं होतं कोणी!

स्पेसवरून आठवलं, नावाच्या शेवटी एखादी स्पेस सोडायची सवय ठेवा. 'कुलकर्णी' आणि 'कुलकर्णी आणि एक स्पेस' ही दोन वेगळी माणसं आहेत असं व्हीलुकअप, म्हंजे एका यादीतलं नाव दुसऱ्या यादीत शोधणारा फॉर्म्युला, मानतो आणि समोर नॉट अव्हेलेबलचा एरर टाकून मोकळा होतो. तरुण पोरगं ऑफिसात दोन तास डोकं आपटत बसतं आणि डोळ्यांना तर काही म्हंजे काही दिसत नाही. ट्रिम नावाचा फॉर्म्युला लावला की या स्पेस उडतात, पण मग दोन तास करणार काय?

आकडे. नुसतं 500 लिहू नका हो, भिकारी दिसतं. 'रु. 500/-' लिहा. पावतीवर आपण तसंच लिहितो, शेवटी ती रेघ नसली तर कोणीही पुढे शून्य वाढवेल ही भीती आपल्या रक्तात आहे. एक्सेलच्या लेखी तो मात्र मजकूर, आकडा नाहीच, म्हंजे खाली सम लावला की उत्तर शून्य. मग कॅल्क्युलेटर काढायचा, बेरीज हाताने करायची आणि एकूणच्या सेलात टाइप करायची, परत '/-' सकट. खाते नंबर पण असाच भरा, सरळ टाइप. एक्सेल 15 अंकांपर्यंतच इमान राखतं, 16 अंकी नंबर असेल तर शेवटचा अंक गुपचूप शून्य करतं, सुरुवातीचं शून्य तर घशातच घालतं. आधी फॉरमॅट टेक्स्ट करा म्हणतात, पण तसं केलं की सेलाच्या कोपऱ्यात हिरवा त्रिकोण येतो आणि सगळी रंगसंगती बिघडते.

गावाकडच्या जमिनीची यादी करताय? मग तर मजा आहे. कागदपत्रांच्या कॉलममध्ये 7/12 टाइप करा आणि एन्टर मारा. झाली 7 डिसेंबर! सेटिंग अमेरिकन असेल तर 12 जुलै. आणि तो सेल कोपऱ्याला धरून खाली ओढलात की 8 डिसेंबर, 9 डिसेंबर, 10 डिसेंबर, प्रत्येक शेतकऱ्याला स्वतःचा वेगळा दिवस. यात लाजायचं काही नाही, जगातले जनुकशास्त्रज्ञ पण इथेच हरलेत. मार्च1, सेप्ट1 अशा नावांची माणसाची जनुकं होती, एक्सेल त्यांच्या तारखा करायचं, शेवटी 2020 साली नावं ठरवणाऱ्या समितीनं जनुकांचीच नावं बदलली, मार्चएफ1 आणि सेप्टिन1 अशी. तेव्हा सातबाऱ्याचं नाव बदलायचं का ते महसूल खात्यानं बघावं, तुम्ही आधी अपॉस्ट्रॉफी टाकून 7/12 ला मजकूर ठेवायच्या भानगडीत पडू नका.

रंगांचं फार सांगत नाही, कळतंच. पिवळा म्हंजे पैसे आले, गुलाबी म्हंजे नाही आले, फिकट हिरवा म्हंजे चेक दिलाय पण वटलेला नाही, आणि जरा गडद पिवळा म्हंजे काय ते काकांनाच विचारायचं. हे कुठेही लिहून ठेवू नका.

मराठी मजकुराला युनिकोड वापरू नका. कृतिदेव किंवा शिवाजी घ्या. त्या फॉन्टांत आत सगळी इंग्रजी अक्षरंच असतात आणि वरून मराठीचा मुखवटा, त्यामुळे फॉन्ट नसलेल्या मशीनवर फाइल उघडली की मुखवटा गळून पडतो आणि समोरच्याला वाटतं कीबोर्डवरून मांजर गेलं. सॉर्ट पण त्या इंग्रजी अक्षरांवरच होणार, मग अकोला बारामतीच्या खाली गेलं तर जाऊ दे, गाव तर तेच राहतं ना.

शेवटचा कॉलम अर्थातच 'शेरा'. इथे मन मोकळं करा. एका सेलात 32,767 अक्षरं मावतात, म्हंजे पार्किंगचं अख्खं भांडण तारीखवार बसतं. ओळीची उंची मात्र 409 पॉइंटच्या वर जात नाही, त्यामुळे भांडणाचा शेवट प्रिंटमध्ये कापला जातो. आमच्याकडे सभेत त्यावरूनच दुसरं भांडण झालं, त्याचा शेरा पुढच्या वर्षीच्या शीटमध्ये आहे.

एवढं करून प्रिंट काढायची, टेबलावर ठेवायची, वरून फोटो काढायचा, कोपऱ्यात चहाचा कप आला तर येऊ द्यायचा, आणि ग्रुपवर टाकायचा. मी एकदा विनंती केली की काका, फोटोवरून बेरीज तपासता येत नाही, एक्सेल फाइल पाठवा ना. आली, दहा मिनिटांत. उघडली तर ए1 च्या कोपऱ्यापासून तोच फोटो चिकटवलेला होता, कपासकट, आणि खाली मर्ज अँड सेंटर करून लिहिलं होतं, 'कळावे'.