त्या दोन हजार डुकरांचं काय?

माओरी, म्हणजे न्यूझीलंडच्या मूळ रहिवाशांच्या, भाषेत बायबलचं तेविसावं स्तोत्र असं सुरू होतं: ‘को इहोवा तोकू हेपारा’. परमेश्वर माझा मेंढपाळ आहे. यातला ‘हेपारा’ मुळात माओरी नाहीच. इंग्रजी ‘शेफर्ड’ माओरी जिभेवर बसवला, त्याचा हेपारा झाला. मेंढराला ‘हिपी’ म्हणतात, तेही ‘शीप’वरून. न्यूझीलंडच्या जमिनीवर माणूस पोचला त्याआधी इथला सस्तन प्राणी म्हणजे फक्त वटवाघूळ. माओरींनी होडीतून कुत्रा आणि उंदीर आणला. मेंढरं आली गोऱ्यांबरोबर. १८१४ च्या नाताळात सॅम्युअल मार्सडेन या मिशनऱ्याने या देशातलं पहिलं ख्रिस्ती प्रवचन केलं, तेव्हा त्याच्या जहाजातून घोडे आणि गुरंही उतरली होती. म्हणजे इथल्या लोकांना देवाची ओळख करून दिली ती त्यांच्या बापजाद्यांनी कधी न पाहिलेल्या जनावराचा राखणदार म्हणून. मागोमाग ती जनावरं आली, त्यांच्यामागून कुंपणं आली, आणि कुंपणाच्या आतली जमीन कुणाची हे ठरवायला १८६५ मध्ये कोर्टही आलं. संपूर्ण माओरी बायबल छापून झालं १८६८ साली. १९८२ मध्ये इथे सात कोटी मेंढरं होती. आता अडीच कोटींच्या आत आहेत. माणसं पन्नास लाखांच्या थोडी वर.

मी वसईचा. तेविसावं स्तोत्र लहानपणापासून तोंडपाठ, पण मेंढरू पाहिलेलं नाताळच्या गोठ्यातलं, मातीचं, बहुधा एक कान तुटलेलं. आमच्या डोळ्यांसमोर केळीच्या वाड्या आणि बावखलं, म्हणजे वाडीतली गोड्या पाण्याची तळी. रहाट ओढणाऱ्या जनावराच्या डोळ्यांवर झापडं बांधत, हेसुद्धा आजोबांच्या बोलण्यातून कळलेलं. ‘हिरवी कुरणं’ म्हणताना आम्ही मनात भाताची खाचरं आणायचो आणि आमचं काही अडत नसे. न्यूझीलंडात व्हांगानुई नदीच्या काठी राहायला येऊन मला अकरा वर्षं झाली. खरी कुरणं रोज पाहतो, आणि स्तोत्र म्हणताना आता मध्येच अडखळायला होतं.

दर रविवारी दादाचा फोन येतो. मिस्सा, तब्येत, पाऊस एवढं झालं की गाडी हमखास जनावरांवर येते. २०१५ मध्ये बैल कापण्यावर बंदी आली तेव्हापासूनचा हा शिरस्ता. नंतर बैलगाडा शर्यती आल्या, २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना मोकळीक दिली. २०२५ चा पावसाळा तर जनावरांचाच होता: दादरचा कबुतरखाना, नांदणीच्या मठातली हत्तीण, दिल्लीची भटकी कुत्री. दादा म्हणाला, “तुमच्याकडे बरं आहे रे. जनावरांवरून कोणी डोकी फोडत नाही.”

मी म्हटलं, इथे जनावरांचीच डोकी फोडतात. हे चेष्टेत नव्हतं. मेंढरांसाठी जंगल तोडून कुरणं केली. त्या कुरणांवर ससे माजले. तेही इंग्रजांनीच आणलेले. सशांना आवरायला १८८० च्या दशकात स्टोट नावाचा मुंगसासारखा प्राणी आणून सोडला. त्याने ससे सोडून, उडता न येणारे इथले पक्षी मटकावले. आता सरकारचा संकल्प आहे की २०५० पर्यंत स्टोट, उंदीर, पॉसम देशातून नाहीसे करायचे. माझी मुलगी शाळेत लाकडी सापळा बनवायला शिकली. तिच्या वर्गात कुणालाही त्यात काही वावगं वाटलं नाही, आणि खरं सांगायचं तर पक्ष्यांचा विचार केला तर मलाही वाटत नाही. पण साम्राज्याने केलेल्या चुकीची शिक्षा शेवटी त्या चार पायांच्या जनावराला होते, एवढं मात्र दिसतं.

या सगळ्याचं खापर बायबलवर फोडण्याची रीत जुनी आहे. १९६७ मध्ये लिन व्हाइट या अमेरिकन इतिहासकाराने एका लेखात म्हटलं की आजच्या पर्यावरणाच्या संकटाचं मूळ ‘उत्पत्ती’ या बायबलमधल्या पुस्तकाच्या पहिल्या अध्यायाच्या पाश्चात्त्य ख्रिस्ती वाचनात आहे. माणसाला देव म्हणतो, पृथ्वी सत्तेखाली आणा, मासे, पाखरं, जनावरं यांच्यावर सत्ता चालवा. तेव्हापासून ख्रिस्ती पंडित खुलासे देत आहेत. लगेच पुढच्या अध्यायात बागेची मशागत आणि राखण करायला सांगितलंय, त्या मशागतीसाठी वापरलेल्या हिब्रू शब्दाचा अर्थ ‘सेवा करणं’ असाही होतो, वगैरे. २०१५ मध्ये पोप फ्रान्सिस यांनीही आपल्या परिपत्रात स्पष्ट लिहिलं की त्या वचनातून बेबंद मालकी निघत नाही.

खुलासा चांगला आहे. मात्र या सगळ्या वादात ‘माणूस’ नावाचा जो कोणी आहे, तो मला ओळखीचा वाटत नाही. कुठल्या माणसाला मिळाली ही सत्ता? महाडच्या चवदार तळ्यावर गुरं पाणी पीत होती आणि अस्पृश्यांना मज्जाव होता, म्हणून २० मार्च १९२७ ला बाबासाहेबांना तिथे ओंजळ भरावी लागली. ज्याला जनावराच्या आधी पाण्यापर्यंत जाता आलं नाही त्याला ‘तू सृष्टीवर फार सत्ता गाजवलीस, आता जरा नम्र हो’ असं सांगणारं प्रवचन कसलं? १९८१ साली बंगळुरूच्या युनायटेड थिऑलॉजिकल कॉलेजात अरविंद निर्मळ यांनी हा धागा उचलला आणि त्यातून पुढे दलित ईशज्ञान (थिऑलॉजी) उभं राहिलं. इथल्या पर्यावरणवादी ख्रिस्ती मित्रांना मी चवदार तळ्याची गोष्ट सांगतो तेव्हा ते गप्प होतात. समजलं म्हणून की त्यांच्या चौकटीत ती बसत नाही म्हणून, मला अजून कळलेलं नाही.

बायबल राज्यकर्त्यांच्या नव्हे, जिंकल्या गेलेल्यांच्या बाजूने वाचायचं, याला विद्यापीठांनी ‘वसाहतोत्तर वाचन’ असं नाव देण्याच्या शंभर वर्षं आधी माओरी ते करून मोकळे झाले होते. तुरुंग-बेटावरून १८६८ मध्ये जहाज ताब्यात घेऊन निसटलेल्या ‘ते कूती’ या माओरी पुढाऱ्याने आपल्या माणसांना सांगितलं की मिसरच्या गुलामीतून सुटलेले इस्राएल ते आपणच, हेच आपलं निर्गमन. त्यातून रिंगातू हा पंथ झाला, तो आजही आहे. पारिहाका गावच्या ‘ते फिती’ या पुढाऱ्याने बायबल कोळून प्यायलेलं होतं. १८७९ मध्ये त्याची माणसं नांगर घेऊन सरकारने बळकावलेल्या जमिनीत शिरली आणि गोऱ्यांच्या कुरणांत सरळ नांगरट करू लागली. पकडले की पुढचे नांगरायला हजर. ५ नोव्हेंबर १८८१ ला सुमारे सोळाशे सैनिक गावावर चालून आले, तर वेशीवर मुलं गाणी म्हणत बसलेली. (गांधीजी तेव्हा बारा वर्षांचे होते.)

पण इस्राएल व्हायला सगळ्यांनाच आवडतं. इथे स्थायिक झालेल्या गोऱ्यांनाही आवडत होतं. वचनदत्त देश त्यांनाही हवाच होता. १९८९ मध्ये रॉबर्ट वॉरियर या ओसेज जमातीच्या अभ्यासकाने सुनावलं की अमेरिकेच्या मूळ रहिवाशांनी ही कथा वाचली तर ते इस्राएलात बसत नाहीत, ते कनानी ठरतात, त्या वचनदत्त देशात आधीपासून राहणारे आणि हाकलले गेलेले. त्यानंतर मी बायबलच्या ‘निर्गम’ या पुस्तकाचा तेविसावा अध्याय पुन्हा वाचला. तिथे देव म्हणतो की मी त्या लोकांना एका वर्षात घालवणार नाही, नाहीतर देश ओसाड पडेल आणि रानातली श्वापदं तुम्हाला भारी होतील. थोडं थोडं करून घालवीन. अंगावर काटा आला. आधीचे लोक जमीन राखत होते, श्वापदांशी त्यांचं काही जमलेलं होतं, याची कबुली खुद्द हाकलणाऱ्याच्या ग्रंथात आहे! जंगल राखायचं म्हणून जंगलातल्या माणसाला उठवणाऱ्या कुठल्याही खात्याने हे वचन भिंतीवर लावावं.

आणि आम्ही वसईकर कोण? १५३४ पासून १७३९ पर्यंत पोर्तुगीजांच्या अमलाखाली होतो, तेव्हा आम्ही कनानी, असं मी अनेक वर्षं ऐटीत सांगत असे. पण आमच्या वाड्यांत राबायला डोंगरपट्ट्यातून वारली, कातकरी येत, आणि ओसरीच्या पुढे त्यांना आत यायला सांगितल्याचं मला आठवत नाही. फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी ‘सुबोध बायबल’ मराठीत आणलं आणि वसईच्या हिरव्या पट्ट्यासाठी बिल्डरांशी झुंजही दिली. २०१९ मध्ये ते साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले तेव्हा ‘धर्मगुरू कशाला?’ म्हणून ओरड झाली. त्या ओरडीत त्यांचं पाण्याचं आणि झाडांचं काम कुणी मोजलंच नाही. मात्र आमच्यातल्याच कितीतरी घरांनी बावखलं बुजवून त्यावर इमारती चढवल्या, हेही त्याच वसईत घडलं. तिथे पोर्तुगीज नव्हते.

२०१७ च्या मार्चमध्ये मला घरून एकामागून एक निरोप आले. इथल्या संसदेने व्हांगानुई नदीला कायद्याने व्यक्ती मानलं होतं, आणि त्याच महिन्यात उत्तराखंडच्या उच्च न्यायालयाने गंगा-यमुनेलाही. ‘बघ, आपण हजारो वर्षं नदीला आई म्हणतोय, गोऱ्यांना आता कळलं.’ मला हसावं की रडावं कळेना. इथला कायदा गोऱ्यांना साक्षात्कार होऊन आलेला नाही. नदीकाठच्या माओरी जमाती जवळपास दीडशे वर्षं सरकारशी भांडत होत्या, त्या भांडणाची ती तडजोड आहे. नदीच्या वतीने दोन माणसं बोलतात, एक जमातींचं, एक सरकारचं. आपल्याकडे पालक म्हणून नेमले ते सरकारी अधिकारी, आणि जुलैमध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्या निकालाला स्थगिती दिली. नदीकाठचा कोळी, नावाडी यात कुठेच नव्हता. स्तोत्रात नद्या टाळ्या वाजवतात. त्या कुणासाठी वाजवतात हे बघणारं कोणीतरी काठावर राहिलेलं असावं लागतं.

इथवर मी एकाच बाजूने बोलत आलोय, आणि माझी फजिती झाली ती इथेच. आमच्या इथे बुधवारी संध्याकाळी चर्चच्या छोट्या हॉलमध्ये सात-आठ जण बायबल वाचायला जमतात. एकदा मार्कचा पाचवा अध्याय माझ्याकडे होता. येशू भूतबाधा झालेल्या माणसाला नाव विचारतो, आणि भूत म्हणतं, ‘सैन्य’. मूळ शब्द ‘लीजन’, रोमन फौजेच्या तुकडीचं लॅटिन नाव. मग ती भुतं डुकरांत शिरतात आणि सुमारे दोन हजार डुकरं कड्यावरून समुद्रात पडून मरतात. मी रंगात आलो. म्हटलं, हे भूत म्हणजे साम्राज्य. त्या भागात वावरलेल्या दहाव्या लीजनच्या निशाणावर रानडुक्कर होतं. कब्जा केलेल्या देशाचं स्वप्न आहे हे, की फौज समुद्रात बुडावी, इस्राएलचा पाठलाग करणाऱ्या मिसरच्या राजाची, फारोची, बुडाली तशी. सगळ्यांनी माना हलवल्या.

एक म्हातारा गोरा शेतकरी, जन्मभर लोकर कातरण्यात गेलेला, सहसा काही बोलत नाही. तो म्हणाला, “आणि ती डुकरं? कुणाची होती?”

मी म्हटलं, ती प्रतीक आहेत.

तो म्हणाला, “राखणारे पळत गावात गेले असं लिहिलंय. प्रतीकं राखायला माणसं ठेवत नाहीत.” मग त्याने पुढचं वचन दाखवलं. गावकऱ्यांनी येशूला विनवलं की आमच्या सीमेतून निघून जा. “मीही तेच म्हटलं असतं.”

साम्राज्याच्या विरुद्ध वाचताना दोन हजार जिवंत जनावरं मी एका फटक्यात चिन्ह करून टाकली होती, आणि त्यांच्यावर पोट असलेले राखेही. संत पौलानेही हेच केलंय. मळणीच्या बैलाला मुसकं बांधू नये, हा ‘अनुवाद’ या बायबलमधल्या पुस्तकातला नियम त्याने कामकऱ्यांसाठी वापरला, आणि वर विचारलं, देवाला काय बैलांची काळजी आहे? अहो, आहे की! शब्बाथ पाळायचा तो बैलाला आणि गाढवाला विसावा मिळावा म्हणूनसुद्धा, असं निर्गमात चक्क लिहिलंय. बैल बैलच होता.

आता दादाशी बोलताना मी एक प्रश्न दोन्हीकडून विचारतो. बैल वाचवणारा कायदा आला तेव्हा म्हातारा बैल पोसायचा खर्च कुणावर पडला, आणि विकता न आलेल्या त्या बैलाचं पुढे काय झालं? नांदणीची हत्तीण मठाची की वनतारा या प्राणिकेंद्राची, यावर मोर्चे निघाले. तिच्या पायांबद्दल बोलणारे थोडे होते, आणि त्यांच्यावर कुणाचाच विश्वास नव्हता. दादा म्हणतो, “तू तिकडे बसून दोन्ही बाजूंना नावं ठेवतोस, इथे येऊन कुठल्या तरी एका बाजूला उभा राहा.” त्याचं चुकत नाही. लांबून बोलायला माझं काही जात नाही. मी फक्त इतकंच म्हणतो की मी इथेही नुसता पाहुणा नाही, ज्या जमिनीवर माझं घर आहे ती कुणाची होती हे मला आता माहीत आहे.

येत्या बुधवारी वाचायची पाळी पुन्हा माझी आहे. शमुवेलाचं पहिलं पुस्तक, पंधरावा अध्याय. इस्राएलचा राजा शौल याला देवाचा हुकूम आहे की अमालेकी या शत्रू-जमातीचं काही म्हणजे काही ठेवायचं नाही, माणसं, तान्ही लेकरं, बैल, मेंढरं, उंट, गाढवं. तो चांगली चांगली मेंढरं राखून ठेवतो आणि सांगतो, आज्ञा पाळली. तेव्हा संदेष्टा शमुवेल विचारतो, मग हे मेंढरांचं बें बें माझ्या कानी कसलं पडतंय?

डिसेंबर आहे. हॉलच्या मागच्या कुरणात कोकरं आयांपासून तोडली आहेत. दोन-तीन रात्री दोन्हीकडून ओरड चालते, खिडक्या लावल्या तरी ऐकू येते. तो म्हातारा त्या दिवशी खिडकीपाशीच बसेल. काय बोलायचं ते अजून ठरलेलं नाही.