नाव विक, पण विकायचं नाही

सरकारी योजनेचं नाव 'विक', आणि तिचा पहिला नियम असा की मिळालेलं काहीही विकायचं नाही. हा विनोद मी बायकोला रात्री तीन वाजता ऐकवला. मुलगी अकरा दिवसांची होती आणि आमच्या घरात तेव्हा एकच व्यक्ती पोटभर झोपायची, तीही फक्त दिवसा. बायकोने माझ्याकडे नुसतं पाहिलं. त्यानंतर महिनाभर मी विनोद केला नाही.

विक म्हणजे डब्ल्यू-आय-सी : विमेन, इन्फंट्स, चिल्ड्रन. अमेरिकेच्या शेतकी खात्याची योजना, १९७२ साली प्रयोग म्हणून निघालेली आणि मग कायमचीच झालेली. गरोदर बाया, बाळंतिणी आणि पाच वर्षांखालची मुलं यांना नेमून दिलेलं खाणं दुकानातून फुकट मिळतं. त्यात तान्ह्या बाळाचं वरचं दूधही आलं, म्हणजे पावडरचं, ज्याला इथे फॉर्म्युला म्हणतात. अट उत्पन्नाची. आमच्या वर्षी तिघांच्या कुटुंबाला वर्षाकाठी ४०,६२६ डॉलरची मर्यादा होती. मी पीएचडीचा विद्यार्थी. आमचं उत्पन्न त्या आकड्याच्या इतकं आत होतं की तिथून तो आकडा दिसतही नव्हता.

तरी अर्ज करायला आम्ही बिचकत होतो, कारण आमचे एक हितचिंतक. सॉफ्टवेअरमध्ये नोकरी, दोन गाड्या, आणि सल्ला देण्याची आवड. "सरकारी दूध घेऊ नकोस रे बाबा, उद्या ग्रीन कार्डाला नडेल." मी चौकशी केली. विकवाले व्हिसा कुठला ते विचारतही नाहीत, आणि ग्रीन कार्ड देताना तेव्हा हे दूध कुणी मोजत नव्हतं. हे त्यांना सांगितलं तर म्हणाले, "आज नाही मोजत. नियम बदलतात." जाताना त्यांनी त्यांच्या मुलाचा जुना पाळणा दिला, एक चाक नसलेला. तो घेतला तर कशाला नडतं हे मी विचारलं नाही.

करोनामुळे मुलाखत फोनवरच होती. पगाराची चिठ्ठी, घरभाड्याचा करार, मुलीचा जन्मदाखला, सगळ्याचे फोटो पाठवले. मग आहारतज्ज्ञ बाईंचा फोन. आवाज मऊ, पण मागे कीबोर्डचा खडखडाट अखंड. बायको काय काय खाते, असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, भाकरी, मेथीची भाजी, डिंकाचे लाडू. लाडू म्हणजे काय ते सांगितलं. डिंक म्हणजे काय ते सांगताना गडबड झाली. मी म्हणालो, "गम." कीबोर्ड थांबला. "बाळंतपणानंतर गम खातात?" झाडातून निघतो, तुपात तळतो, फुलतो, असं मी समजावत गेलो आणि प्रकरण जास्तच संशयास्पद होत गेलं. शेवटी त्यांनी काहीतरी टाइप केलं. आमच्या फाइलमध्ये बायकोच्या नावापुढे काय लिहिलंय हे पाहायची मला आजही फार इच्छा आहे.

अंगावरचं दूध पुरत नव्हतं. त्याबद्दल त्यांनी फार समजुतीने विचारलं, मदतीला एक बाई जोडून दिली, बायकोने दोन आठवडे सगळं करून पाहिलं. त्यावर मी अधिक काही लिहिणार नाही, तो माझा प्रांत नाही. माझा प्रांत पुढचा : दुकानात जाऊन डबे आणणे.

महिन्याला नऊ डबे मंजूर झाले. एक डबा १२.४ औंसांचा. त्यात पाणी घातल्यावर साधारण ९० औंस दूध होतं. मी ताबडतोब एक्सेलची शीट उघडली. नऊ नव्वदं आठशे दहा, भागिले तीस, दिवसाला २७ औंस. आणि मुलगी तिसऱ्या महिन्यात ३० औंसांवर पोचली. मी फोन करून हे निदर्शनास आणून दिलं. बाई म्हणाल्या, "आमच्या योजनेच्या पूर्ण नावातला दुसरा शब्द सप्लिमेंटल आहे." म्हणजे पूरक. पूरक म्हणजे पुरेल असं नव्हे, हे मराठीत असून मला इंग्रजीतून कळलं. उरलेले एक-दोन डबे पदरचे घ्यायचे, सतरा-अठरा डॉलरला एक.

आता दुकान.

फॉर्म्युला महाग आणि चोरीला जाणारी वस्तू, म्हणून आमच्या दुकानात तो काचेच्या कपाटात कुलपाखाली. कपाटाशेजारी एक बटण. ते दाबलं की सगळ्या दुकानात घोषणा होते की लहान मुलांच्या विभागात मदत हवी आहे. मग किल्ल्यांचा जुडगा घेऊन एक पोरगा येतो. येईपर्यंत आपण त्या कपाटासमोर, सोनाराच्या दुकानात फक्त बघायला आलेल्या माणसासारखे उभे.

कपाटात दूध एक नव्हतं. त्याच कंपनीचं त्याच रंगात साधं दूध, पोट नाजूक असणाऱ्यांचं दूध, ओकणाऱ्या बाळांचं दूध, शिवाय मोठे टब, छोटे डबे, तयार बाटल्या. प्रत्येक राज्य एका कंपनीशी करार करतं, कंपनी सरकारला घसघशीत सूट देते, आणि मग त्या राज्यातल्या विकच्या बाळांनी तेच दूध प्यायचं. डॉक्टरने कारण लिहून दिलं तर वेगळं. मोठा टब घेतला तर औंसामागे स्वस्त पडतो, सरकारचाच फायदा, असा विचार डोक्यात आला तर तो तिथेच सोडून द्यायचा. मी सोडला नाही. मी टब घेतला.

गल्ल्यावरच्या मुलीने टब मशीनसमोर धरला. मशीन वेगळंच काहीतरी वाजलं. तिने परत धरला. परत तेच. मग तिने मान वर करून आरोळी ठोकली, "विक ऑन फोर!" चार नंबरच्या गल्ल्यावर विक. मराठी कानाला ते असं ऐकू आलं की मलाच विकायला काढलंय. माझ्यामागे सहा माणसं होती. सुपरवायझर आली, तिने टब पाहिला, मला पाहिलं, म्हणाली, "साइज."

परत कपाट. परत बटण. परत घोषणा. या वेळी पाटीवर विकचं चिन्ह बघून डबा घेतला. तोही चालेना. कुणीतरी मागे-पुढे करताना साध्या दुधाच्या पाटीखाली नाजूक पोटाचे डबे सरकवले होते. तेच वजन, तीच कंपनी, तोच रंग, फक्त एक पट्टा जरा जांभळट. मी अजीजीने म्हणालो की दोन्हींची किंमत जवळपास सारखी आहे, काही जमेल का? हे वाक्य आपल्याकडे कुठेही चालतं. एसटीत चालतं, रेशनच्या दुकानात चालतं, लग्नाच्या हॉलवर तर त्याच्यावरच सगळं चालतं. त्या मशीनला ते येत नव्हतं. बारकोड यादीत असेल तर मी फुकट देतो, नसेल तर तू आणि मी अनोळखी.

मागच्या सहांपैकी एक आजी पुढे झाल्या. ढकलगाडीत नातू. मला वाटलं आता बोलणी बसणार. त्या म्हणाल्या, "बाळा, पहिल्यांदा आलास ना? चार नंबरला कधी उभं राहायचं नाही. सहा नंबरची बाई तीन पोरं विकवर वाढवलेली आहे." आणि त्यांनी स्वतः जाऊन मला बरोबर डबा दाखवला. नऊ डबे सहा नंबरवर तीन मिनिटांत झाले. पुढे वर्षभर मी सहा नंबरच्या बाईंची पाळी कधी असते ते बघून दूध आणलं. माझ्या मार्गदर्शक प्राध्यापकांच्या वेळा मला इतक्या पाठ नव्हत्या.

महिना संपला की उरलेले डबे संपले. पुढच्या महिन्यात जात नाहीत. ३१ जानेवारीला रात्री साडेदहाला लक्षात आलं की विकच्या कार्डावर दोन डबे बाकी आहेत. बाहेर बर्फ. बायको म्हणाली, "जाऊ दे." पस्तीस डॉलर जाऊ देण्याची सवय मला अजून लागलेली नव्हती. मी पायजम्यावर जाकीट घालून गेलो. दुकान अकराला बंद. किल्लीवाला पोरगा मला लांबूनच पाहून बटण दाबायच्या आत कपाटाकडे निघाला.

आणि मग १७ फेब्रुवारी उजाडली. मिशिगनमधल्या स्टर्जिस गावातल्या कारखान्याचं पावडरचं दूध परत मागवल्याची बातमी आली. काही बाळं जंतुसंसर्गाने आजारी पडली होती. आमचं दूध त्याच कंपनीचं. डब्याच्या बुडावरचा नंबर बघा, असं सांगितलं होतं : पहिले दोन आकडे २२ ते ३७ च्या मधले, पुढे के८, एसएच किंवा झेड२, आणि मुदत १ एप्रिल २०२२ किंवा त्यानंतरची. तिन्ही जुळले तर वापरू नका.

स्वयंपाकघराच्या ओट्यावर मी सहा डबे पालथे घातले. बायको मोबाइलचा टॉर्च धरून उभी. मी नंबर वाचत होतो, ती यादीशी ताडत होती. आयुष्यात एकदाही मला लॉटरी लागलेली नाही. त्या रात्री सहापैकी चार डब्यांना लागली. तेव्हा हसू आलं नाही. मुलगी खोलीत झोपली होती, आणि त्यातला एक डबा अर्धा झाला होता. पुढचे काही दिवस आम्ही तिचा ताप दिवसातून दहा वेळा मोजला. ताप आला नाही.

डबे दुकानात बदलून मिळतील, असं कळलं. मिळालेही असते, पण बदलून द्यायला दुकानात डबे हवेत ना! कपाट रिकामं. कुलूप मात्र लावलेलं. सरकारने मग नियम ढिले केले : दुसरी कंपनी चालेल, टब चालेल, तयार बाटल्या चालतील. ज्या मशीनने मला टबासाठी चारचौघांत उभं केलं होतं ते आता काहीही घ्यायला तयार होतं, आणि द्यायला काही नव्हतं. सहा नंबरच्या बाई मला बघून दुरूनच मान हलवायच्या. शुक्रवारी पहाटे ट्रक येतो, हेही त्यांनीच सांगितलं.

मे महिन्यात तर अमेरिकेच्या अध्यक्षांनी १९५० सालचा संरक्षण उत्पादनाचा कायदा दुधासाठी लावला आणि २२ मेला जर्मनीहून लष्करी विमान भरून फॉर्म्युला इंडियानापोलिसला उतरला. ते दूध ॲलर्जीवाल्या बाळांचं होतं, आमच्या कामाचं नव्हतं, पण मी आईला व्हिडिओ कॉलवर सांगितलं. ती म्हणाली, "युद्ध लागलंय का तिकडे?" नाही म्हटलं, दुधाचा तुटवडा आहे. आई बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "आणि मी शेजाऱ्यांना सांगितलंय तुझं तिकडे चांगलं चाललंय म्हणून."

माझी मावशी अंगणवाडी सेविका. तिला हे सगळं भलतंच वाटतं. तिच्याकडे सहा महिन्यांपर्यंत बाळाला काही देतच नाहीत, आहार मिळतो तो आईला. वरच्या दुधाची जाहिरात करायलाही आपल्याकडे १९९२ च्या कायद्याने बंदी आहे. "आणि तुमचं सरकार डबे वाटतं?" असं तिने विचारलं. वाटतं म्हटलं, पण अमुकच कंपनीचे, अमुकच वजनाचे, आणि महिना संपायच्या आत. "मग बरोबर आहे, सरकारच आहे," ती म्हणाली. तिची शंका फिटली.

तोवर मराठी मंडळींचा एक व्हॉट्सॲप ग्रुप निघाला होता. "टार्गेटच्या दुकानात, दोन डबे, निळे, आत्ताच पाहिले," असे निरोप यायचे, वाघ दिसल्यासारखे. सॉफ्टवेअरवाले हितचिंतकही त्यात होते, त्यांचं दुसरं बाळ आमच्या मुलीहून महिन्याने लहान. एका रात्री त्यांचा फोन आला. तुझ्याकडे एखादा डबा जास्तीचा आहे का, पैसे देतो. मी म्हटलं, विकता येत नाही, नियम आहे. मग पदरच्या पैशांनी घेतलेल्यातला एक त्यांना तसाच दिला. ग्रीन कार्डाचा विषय मी काढला नाही. बायको म्हणाली, काढायला हवा होतास.

जूनमध्ये मुलगी सहा महिन्यांची झाली आणि डबे (मधे नवाचे दहा झाले होते) सातावर आले, कारण आता तिला बरण्या मंजूर झाल्या : भाज्या-फळांच्या गराच्या महिन्याला ३२. गाजर, वाटाणा, भोपळा. तिने पहिल्याच घासाचा भोपळा माझ्या चष्म्यावर परत केला. बरण्या बहुतेक आम्हीच खाल्ल्या. वाटाण्याच्या गराला मोहरी-मिरचीची फोडणी दिली तर बरा लागतो.

डिसेंबरमध्ये तिचा पहिला वाढदिवस झाला, आणि डबे बंद. त्याच महिन्यात आई आली. तिने ओट्याचा खण उघडला आणि दोन पावलं मागे सरकली. प्रत्येक डब्यात पावडरीत रुतलेला एक प्लॅस्टिकचा चमचा येतो, आणि चमचा टाकायचा तरी कसा, असं करत आम्ही साठवत गेलो होतो. आईने मोजले. ८७. एकही टाकू दिला नाही. हळदीत एक, तिखटात एक, साखरेत एक, चहाच्या डब्यात एक, आणि परत जाताना बॅगेत दोन डझन.

परवा तिचा फोन आला. मुलीची चौकशी झाली, हवा-पाण्याची झाली. मग म्हणाली, "मावशीला पण पाहिजेत रे ते चमचे. माप अगदी बरोबर येतं. अजून मिळतील का तिथे?"

मी म्हटलं, "डबे बंद झाले गं."

"बघ ना," आई म्हणाली, "काही जमतं का."