लॉसलेसचं कौतुक पुरे, आधी सलग ऐका!

"लॉसलेसमध्ये ऐकलंस का? जमीन-अस्मानाचा फरक आहे!" हल्ली ज्याच्या-त्याच्या तोंडी हेच. लॉसलेस म्हणजे आवाजातलं काहीही न गाळता साठवलेली गाण्याची फाइल. फरक असतो, नाही असं नाही. पण त्यातलं बरंचसं श्रेय भलत्यालाच दिलं जातं, असं माझं स्पष्ट मत आहे.

जेथ्रो टल या ब्रिटिश रॉक बँडचा गायक-बासरीवादक इयन अँडरसन, त्याचा अल्बम 'थिक अ‍ॅज अ ब्रिक २' (२०१२) फ्लॅकमध्ये (लॉसलेस फाइलचा एक प्रकार), वायरवाले हेडफोन लावून ऐकला. (ब्लूटूथवर लॉसलेस ऐकणाऱ्यांना माझा नमस्कार. बहुतेक ब्लूटूथ कोडेक, म्हणजे आवाज आवळून पाठवण्याच्या पद्धती, वाटेत पुन्हा कात्री चालवतातच.)

हा दुसरा भाग; मूळ अल्बम जेथ्रो टलचा, १९७२चा. पाऊण तासाचं एकच गाणं, एलपीला दोन बाजू असतात म्हणून मधोमध तोडलेलं. कव्हर म्हणजे चक्क खोटं वर्तमानपत्र आणि त्यात बातमी अशी, की ही कविता जेराल्ड बॉस्टॉक या आठ वर्षांच्या पोराने लिहिली. चाळीस वर्षांनी अँडरसन विचारतो, त्या पोराचं पुढे झालं काय? बँकर झाला, बेघर झाला, सैन्यात गेला, की चारचौघांसारखा संसाराला लागला?

आता आवाजाबद्दल. बासरीत फुंकर सुरांआधी ऐकू येते, हॅमंड ऑर्गन मागून घरघरत राहतो आणि नुसत्या अकूस्टिक गिटारवर अख्खा बँड येऊन आदळतो तेव्हा दचकायला होतं. पण ही करामत स्टीव्हन विल्सनच्या मिक्सिंगची, म्हणजे वेगवेगळी वाद्यं आणि गळा एकत्र जुळवण्याची आहे. तेच मिक्स ३२० केबीपीएसच्या एमपीथ्रीत (यात आवाजातलं थोडं गाळलेलं असतं) लावून डोळे मिटून ओळखायला सांगा, भल्याभल्यांची दांडी उडेल. लॉसलेस जे रेकॉर्ड झालंय ते जसंच्या तसं पोचवतं. मुळात कर्कश मास्टर केलेला (शेवटचा हात फिरवून तयार केलेला) अल्बम त्यात जसाच्या तसा कर्कशच वाजतो.

चौसष्टीतल्या अँडरसनचा गळा तेव्हा वर चढत नव्हता, तेही लपत नाही. मला ते खटकलं नाही. पन्नाशीला टेकलेल्या जेराल्डची गोष्ट विशीतल्या आवाजात कशाला हवी? सतरा ट्रॅक आहेत, पण ते ओळीने, सलग ऐकायचे; शफल (उलटसुलट क्रम) लावलंत तर सगळं मुसळ केरात.

खटकलं ते जेथ्रो टलचा जुना गिटारवादक मार्टिन बार नसणं. इथे गिटार वाजवणाऱ्या फ्लोरियन ओपालेचा हात सफाईदार आहे, कुठे चुकत नाही. पण शेवटाकडे जुनी धून परत येते तेव्हा कान बारच्या त्या खरखरीत गिटारलाच शोधत राहतात आणि तिथे लॉसलेसचे चोवीस बिटसुद्धा (आवाज आणखी बारकाईने साठवण्याचं माप) कामाचे नाहीत.