सहीच्या वरचे दोन शब्द

गेल्या आठवड्यात भावाने बातमीचा फोटो पाठवला. संपादित जमिनीचा वाढीव मोबदला थकवला म्हणून न्यायालयाच्या आदेशाने सरकारी कार्यालयातल्या खुर्च्या आणि संगणक जप्त. अशी बातमी अधूनमधून कुठल्या ना कुठल्या जिल्ह्यातून येतेच, आणि लोकांना त्यात शेतकऱ्याचा विजय दिसतो. मला मात्र आमचे नाना आठवतात.

नानांची चार एकर जमीन पाझर तलावात गेली, ती १८९४ च्या भूसंपादन कायद्याखाली. निवाड्याची, म्हणजे सरकारने ठरवलेल्या मोबदल्याची, रक्कम घ्यायला सगळे एकाच दिवशी गेले. नानांनी दाखवली तिथे सही केली. शेजारच्या गटवाल्याने सहीच्या वर ‘हरकत राखून’ एवढं लिहिलं. हरकत न नोंदवता पैसे घेतले की कलम १८ खाली न्यायालयात जाण्याचा हक्क संपायचा, हे नानांना कोणी सांगितलं नाही. शेजाऱ्याला अकरा वर्षांनी वाढीव मोबदला मिळाला. कलम २८-अ खाली नानांनाही त्याच दराने मागता आलं असतं, पण अर्ज तीन महिन्यांत करायचा, आणि दिवस मोजायचे निकालाच्या तारखेपासून. नानांना निकाल कळला तो शेजाऱ्याच्या दारात ट्रॅक्टर उभा राहिल्यावर. तोवर पाचवा महिना लागला होता.

समृद्धी महामार्गाच्या वेळी पाचपट मोबदल्याची चर्चा होती, आता शक्तिपीठ महामार्गावरून वाद पेटलाय. कोल्हापूरकडच्या बागायतदारांना जमीनच द्यायची नाही, आणि तो त्यांचा हक्क मी मानतो. पण द्यायचं ठरलं की सगळी चर्चा ‘किती पट’ यावरच अडकते. २०१३ च्या नव्या भूसंपादन कायद्याने मोबदल्यावर आणखी शंभर टक्के दिलासा रक्कम दिली, ग्रामीण भागात दोनपर्यंत गुणक दिला. पण गुणायचा आकडा येतो रेडी रेकनरमधून, म्हणजे सरकारी दरतक्त्यातून, आणि आजूबाजूच्या खरेदीखतांतून. मुद्रांक शुल्क वाचवायला खरेदीखतात किंमत कमी दाखवायची, ही आपलीच जुनी सवय. मुळातला आकडाच खोटा, मग पट वाढवून किती पुरणार?

मी चौदा वर्षं इंग्लंडात राहतो. इथे सगळं चांगलं आहे असं मी म्हणणार नाही. कायदा मुळात बाजारभावच देतो. घर गेलं तर वर साधारण दहा टक्के, तेही मर्यादेत. कागदावर आपला कायदा जास्त उदार आहे. एचएस-टू या अतिवेगवान रेल्वेचा उत्तरेकडचा टप्पा ऑक्टोबर २०२३ मध्ये रद्द झाला, तेव्हा त्या मार्गावरची कित्येक घरं आणि शेतं त्या रेल्वेसाठी आधीच विकली गेली होती.

तरी एक गोष्ट मी डोळ्यांनी पाहिली. माझ्या सहकाऱ्याच्या बागेची एक पट्टी रस्त्यासाठी गेली. त्याने स्वतःचा मूल्यमापक बोलावला. त्या माणसाने कुंपण, दोन जुनी झाडं, वाढणारा आवाज, सगळं दुपारभर लिहून घेतलं, आणि त्याची वाजवी फी जमीन घेणाऱ्या संस्थेने भरली. ताबा गेल्यावर मागणी केली की अंदाजित भरपाईच्या नव्वद टक्के आगाऊ मिळतात. वाद उरलेल्या रकमेवर चालतो. माणूस उपाशीपोटी भांडत नाही.

नानांच्या बाजूने मोजणारं कोणी असतं, तर त्यांची दगडी बांधकामाची विहीर ‘पडकी’ म्हणून लिहिली गेली नसती. मुंबईत पटींवर भांडणाऱ्या प्रत्येक आमदाराने आधी शेतकऱ्याच्या मूल्यमापकाची फी मागावी. महामार्गाच्या खर्चापुढे ती किरकोळ आहे. शिवाय न्यायालयाने एकाला वाढीव दर दिला, तर त्याच निवाड्यातल्या बाकीच्यांना लेखी कळवणं सरकारवर बंधनकारक हवं. तीन महिने त्या पत्रापासून मोजावेत.

आता कालव्यासाठी भावाच्या गटात मोजणी आली आहे. नव्या कायद्यातही हरकतीची अट आहेच. मी त्याला सांगितलंय, विहीर, झाडं, पाइपलाइन पंचनाम्यात येईपर्यंत सही करू नकोस, आणि पैसे घेताना सहीच्या वर ते दोन शब्द लिही, फोटो काढून मला पाठव.