‘आरव’ म्हणजे शांत? कोणी सांगितलं?

माझ्या भाचीच्या मुलीचं नाव ठरलं होतं, गोदा. तिच्या पणजीचं, गोदावरीचं नाव. मग घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर ‘बाळाचं नाव ठेवण्यापूर्वी हे नक्की वाचा’ असा लांबलचक मेसेज येऊन पडला आणि बारशाच्या तोंडावर सगळं फिरलं. नदीचं नाव म्हणे अशुभ. त्यापेक्षा यादीतलं ‘कियारा’ घ्या, ते संस्कृत आहे आणि अर्थ ‘देवाची अनमोल भेट’. हाच मेसेज मला इतरांकडूनही आलाय, म्हणून एकदा सविस्तर लिहिते.

मेसेजचं म्हणणं असं: आजची लोकप्रिय नावं मूळची संस्कृत आहेत, सोबत अर्थांची यादी. नावाचा अर्थ मुलाच्या नशिबात उतरतो, म्हणून दगड, नदी, फूल असली नावं टाळा. फारसी-अरबी नावं आपल्यात कधीच नव्हती. आणि हाक मारायचं नावसुद्धा जन्मनक्षत्राच्या अक्षरावरूनच हवं.

आधी यादी. पहिलंच नाव आरव, अर्थ दिलाय ‘शांत, सौम्य’. हे वाचून डोकंच फिरलं. ‘रव’ म्हणजे आवाज, हे ज्याला माहीत नाही त्याने संस्कृत नावांची यादी करायला बसूच नये. वामन शिवराम आपटे यांचा संस्कृत-इंग्रजी कोश १८९० साली निघाला आणि आज तो इंटरनेटवर फुकट चाळता येतो. त्यात ‘आरव’ काढून बघा. आवाज, ओरडणं, असाच अर्थ मिळेल. आणि मराठी माणसाला त्यासाठी कोश तरी कशाला हवा? पहाटे कोंबडा काय करतो? आरवतो. शांत असाच अर्थ हवा असेल तर ‘नीरव’ हा शब्द तयार आहे. आरव हे नाव कानाला गोड लागतं, खुशाल ठेवा. पण बारशाच्या पत्रिकेवर त्याखाली ‘शांत’ छापू नका, एवढंच म्हणणं आहे.

आता कियारा. इटालियनमध्ये ‘क्यारा’ हे नाव आहे, लॅटिनमधल्या ‘क्लारुस’वरून, म्हणजे उजळ, स्वच्छ. तेराव्या शतकातल्या असिसीच्या संत क्लेअर यांचं हेच नाव. आयर्लंडमध्ये ‘कीरा’ असा उच्चार होणारं नाव आहे, त्याचा अर्थ काळी, काळ्या केसांची. एक उजळ, एक काळी. रोमन लिपीत दोन्ही जवळजवळ सारखी दिसतात, म्हणून त्यांची गल्लत होते. १९९८ च्या डिस्नेच्या चित्रपटात सिंहाच्या छाव्याचं नाव कियारा होतं, पुढे हिंदी चित्रपटांतून ते आपल्याकडे घरोघर पोचलं. चांगलं नाव आहे. यात संस्कृत कुठे आलं? ‘देवाची भेट’ कुठून आली? परक्या भाषेतलं नाव आवडलं तर तसं सरळ सांगा ना. त्याला खोटा जन्मदाखला कशाला चिकटवायचा?

बाकीची भराभर उरकते. ‘मायरा’ हे इंग्रजीत सोळाव्या-सतराव्या शतकातला कवी फुल्क ग्रेव्हिलने आपल्या कवितांसाठी घडवलेलं नाव मानतात. आणि राजस्थानात मायरा म्हणजे भाच्याच्या किंवा भाचीच्या लग्नात मामाने नेलेला आहेर. नरसी मेहताच्या मायऱ्याची कथा तिकडे घरोघर गायली जाते. ‘रेयांश’चा अर्थ ‘प्रकाशकिरणाचा अंश’ दिलाय. संस्कृतात किरणाला रश्मी, मयूख, अंशू, मरीची असे शब्द आहेत, हा ‘रे’ सरळ इंग्रजीतला. ‘विवान’ सूर्याशी जोडलंय. तिथे थोडं ऐकून घेता येईल, कारण विवस्वान् हे सूर्याचं नाव खरंच आहे, गीतेच्या चौथ्या अध्यायाच्या पहिल्या श्लोकातच आहे. पण मधलं ‘स्व’ गाळून उरतं त्याला जुना शब्द म्हणता येत नाही.

खरा राग मला दुसऱ्या मुद्द्याचा आहे, कारण त्याने माणसं घाबरतात. नावाचा अर्थ नशिबात उतरतो? धोंडो केशव कर्वे घ्या. धोंडो म्हणजे दगडच. १८५८ चा जन्म, १९१६ साली बायकांचं विद्यापीठ काढलं, १९५८ साली भारतरत्न मिळालं आणि एकशे चार वर्षं जगून १९६२ साली गेले. धोंडू, दगडू, केरू ही नावं आपल्याकडे बरेचदा मुद्दाम ठेवली जायची. आधीची मुलं दगावलेली असायची आणि या पोराला तरी दृष्ट लागू नये म्हणून आई काळजावर दगड ठेवून त्याला धोंडू म्हणायची. त्या नावाला ‘हलकं’ म्हणणाऱ्याला त्या आईचं काहीच कळलेलं नाही.

आणि लग्नात बायकोचं नाव बदलायची आपली रीत? ताटातल्या तांदळात अंगठीने नवं नाव लिहिलं की नशीबही बदलायचं का? यमुना नावाची मुलगी लग्नानंतर आनंदी झाली. चौदाव्या वर्षी झालेलं तिचं मूल दहा दिवसांत गेलं. अमेरिकेत जाऊन डॉक्टर होऊन परतली आणि १८८७ साली, बाविशी गाठायच्या आत, क्षयाने गेली. आनंदीबाई जोशींचं मोठेपण आनंदी या नावातून आलं नाही आणि त्यांचे हालही त्या नावाने टाळले नाहीत.

नदीच्या नावाबद्दल मेसेजवाल्याने ‘शास्त्रात लिहिलंय’ एवढंच म्हटलंय. लिहिलंय, हे मान्य करावं लागेल. मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात नवव्या श्लोकात नक्षत्र, झाड, नदी, पक्षी, साप यांच्या नावाची मुलगी करू नये असं आहे. पण ते बायको निवडण्याबद्दल आहे, बारशाबद्दल नाही. आणि ते मानायचं तर रोहिणी, रेवती, चंपा, मैना, गंगा, कृष्णा सगळ्याच बाद. महाराष्ट्राने ते कधी मनावर घेतलं नाही. कर्व्यांनी १८९३ साली ज्या विधवेशी पुनर्विवाह केला तिचं नावही गोदूच होतं.

एका बाबतीत मात्र नावाचा अर्थ खरंच टोचतो, हे मी नाकारत नाही. मुलगा हवा असताना मुलगी झाली म्हणून ‘नकुशी’ नाव ठेवतात. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींची नावं समारंभ करून बदलली गेली. पण तिथे नुकसान नावाचा अर्थ नशिबात उतरल्याने झालेलं नव्हतं. शाळेत हजेरी घेताना रोज ‘नकुशी’ म्हणून उभं राहावं लागत होतं, आणि ती नकोशी आहे हे घरच्यांनीच तिला सांगितलं होतं.

फारसी-अरबी नावांबद्दल फार लिहीत नाही. शिवाजी महाराजांच्या वडिलांचं नाव शहाजी. दौलतराव, हैबतराव, फत्तेसिंह, गुलाबराव, साहेबराव ही नावं गावोगावी आहेत. शाह, दौलत, हैबत, फत्ते, गुलाब, साहेब यातला एकही शब्द संस्कृत नाही. ‘कधीच नव्हती’ म्हणणाऱ्याने आपल्याच घराण्याची वंशावळ उघडून बघावी.

राहिलं नक्षत्राचं अक्षर. कोणत्या नक्षत्राच्या कोणत्या चरणाला (नक्षत्राच्या चौथ्या भागाला) कोणतं अक्षर, हे सांगणारं अवकहडा चक्र पंचांगात असतं, चू चे चो ला ही अश्विनीची अक्षरं, हे बरोबर आहे. पण त्यात हस्ताच्या तिसऱ्या चरणाला ‘ण’ येतो आणि आर्द्रेच्या तिसऱ्याला ‘ङ’. ‘ण’पासून सुरू होणारं एक तरी मराठी नाव सांगा. म्हणून तर जुने लोक नावरस नाव, म्हणजे नक्षत्राच्या अक्षरावरून येणारं नाव, वेगळं ठेवायचे. ते पत्रिकेत राहायचं आणि हाक दुसऱ्याच नावाने मारायचे. भाचीच्या मुलीचंही नावरस नाव गुरुजींनी लिहून दिलंय. ते पत्रिकेतच राहू दे, हाकेचं नाव तिच्या आईबापांनी ठरवावं.